सहलीची बस आणि आपला माल

आपल्या बापजाद्यांची तिजारत जत्रेवर चालत असे. मणियार बांगड्यांची पेटी घेऊन निघे, अत्तार सुगंधी तेलाच्या कुप्या, पिंजारी गाद्या-रजया, शिकलगार सुऱ्या-अडकित्ते. कर्जत तालुक्यात राशीनच्या देवीची जत्रा भरली की या सर्वांची पाले ठरलेल्या जागी पडत. गिऱ्हाईक पायी किंवा बैलगाडीने येई, दोन दिवस मुक्काम करी, दहा दुकाने फिरून माल पाही आणि मग घेई. विकणाऱ्यालाही घाई नव्हती.

ती जत्रा आता बसमध्ये बसून येते. आमच्या तालुक्यात सिद्धटेक आहे. अष्टविनायकांपैकी अहमदनगर (आता अहिल्यानगर) जिल्ह्यातले ते एकमेव ठिकाण. तिथे येणारी गाडी दर्शन झाले, चहा झाला की पुढच्या ठिकाणाला निघते. दुसरीकडे, जत्रेतली जागाही पूर्वीसारखी हक्काची राहिलेली नाही. आपल्याच जिल्ह्यात, पाथर्डी तालुक्यातल्या मढी गावी, २०२५च्या फेब्रुवारीत कानिफनाथांच्या यात्रेत मुस्लिम दुकानदारांना जागा देऊ नये असा ठराव ग्रामसभेत झाला आणि प्रकरण प्रशासनापर्यंत गेले. त्याची चर्चा या पानाचे काम नाही. व्यापाऱ्याने एवढेच पाहावे की ज्याची सारी रोजी एका पालावर अवलंबून आहे, त्याने दुसरी वाटही शोधून ठेवलेली बरी. सहलीची बस ही तशी एक वाट आहे. पण तिचे गणित जत्रेचे नाही, ते वेगळे शिकावे लागते.

उदाहरणासाठी गरम पाण्याचे झरे आणि जुने अवशेष दाखवणारी एका दिवसाची सहल घेऊ. आमच्या भागात गरम पाण्याचे झरे नाहीत. ते सह्याद्रीच्या पलीकडे, कोकणपट्टीत एका ओळीने आहेत: वज्रेश्वरी-गणेशपुरी, पालीजवळचे उन्हेरे, महाडजवळचे सव, दापोलीकडचे उन्हवरे, पुढे आरवली, तुरळ, राजवाडी. काही गावांच्या नावातच ऊन आहे. पावसाचे पाणी खडकांच्या भेगांतून खोल जाते, तिथल्या उष्णतेने तापते आणि दुसऱ्या भेगेतून वर येते. वज्रेश्वरीचे झरे तानसा नदीकाठी, भिवंडी तालुक्यात आहेत, म्हणून कापड खरेदीसाठी भिवंडीला जाणाऱ्या आपल्या व्यापाऱ्यांना ते ठाऊक असतात. पाण्याला गंधकाचा वास येतो. चांदीचा दागिना किंवा खऱ्या चांदीची जर त्यात भिजली तर काळी पडते. जरीचे काम करणाऱ्यांनी हे गिऱ्हाइकाला आधीच सांगावे.

वज्रेश्वरीहून निघालेली गाडी त्याच दिवशी वसईचा किल्ला आणि नालासोपारा दाखवू शकते. वसई गुजरातच्या सुलतान बहादूरशहाने १५३४ साली पोर्तुगिजांना दिली आणि १७३९ साली चिमाजी अप्पांनी जिंकली. वज्रेश्वरीचे मंदिरही त्याच मोहिमेतल्या नवसाचे. सोपारा तर त्याहून कितीतरी जुने बंदर. पंडित भगवानलाल इंद्रजी यांनी १८८२ साली तिथला स्तूप उकरला, अशोकाच्या लेखाचा तुकडाही तिथेच मिळाला. दहाव्या शतकातला अरब प्रवासी मसूदी याच किनाऱ्यावरच्या सोपारा, ठाणे आणि चौल या बंदरांची नावे घेतो, आणि चौलला सिराफ, ओमान, बसरा, बगदादकडून येऊन स्थायिक झालेल्या मुसलमानांची मोठी वस्ती असल्याचे लिहितो. ते लोक व्यापारीच होते. चांगला गाईड हे सांगतो, वाईट गाईड ‘इथे फोटो काढा’ म्हणतो.

आता या दिवसाचा हिशेब मांडू. गाडी सकाळी ६ला निघाली आणि रात्री ९ला परतली तर १५ तास झाले. त्यातले सहा-सात रस्त्यावर, चार-पाच पाहण्यात आणि अंघोळीत, दोन जेवण-नमाजात. गाईडच्या हातात तास-दीड तास उरतो आणि तो उशिराची भरपाई करण्यातच जातो. खरेदीला प्रत्यक्षात मिळतात वीस मिनिटे. बसमध्ये ४५ माणसे आहेत असे धरा. एका गिऱ्हाइकाला दोन मिनिटे लागली तर एक माणूस वीस मिनिटांत दहाच गिऱ्हाइके उरकतो. बाकीचे पस्तीस मालाला हात लावून गाडीत जाऊन बसतात.

आणि कुंडातून ओलेता बाहेर आलेल्या माणसाला पहिली गरज कशाची? अंग पुसायच्या कापडाची. बरेच लोक घरून जाडजूड टॉवेल आणतात, तो भिजला की दिवसभर पिशवीत ओलाच राहतो आणि बाकीचे कपडेही ओले करतो. कुंडाजवळच्या दुकानांत खेळणी मिळतात, प्रसाद मिळतो, पण अंग पुसायला बरे कापड शोधावे लागते. कापडवाल्याला हे पाहून वाईट वाटल्याशिवाय राहत नाही.

हीच गरज ओळखून एका शहराने काय केले, ते तुर्कस्तानात पाहावे. तिथल्या देनिझली शहरापासून वीसेक किलोमीटरवर पामुक्कले आहे. नावाचा अर्थच कापसाचा किल्ला. सुमारे ३५ अंश गरम पाणी डोंगरावरून वाहते, त्यातला चुना साचून पांढऱ्याशुभ्र पायऱ्या झाल्या आहेत. माथ्यावर हिएरापोलिस या प्राचीन नगराचे अवशेष. १९८८पासून ते जागतिक वारसा यादीत आहे. समुद्रकाठच्या शहरांतून गाईडसह बसगाड्या सकाळी निघून रात्री परततात, म्हणजे आपल्या वज्रेश्वरी-वसईसारखीच सहल. पण देनिझली हे टॉवेल आणि अंघोळीच्या झग्यांच्या निर्यातीचे मोठे केंद्र आहे, आणि बसमधला माणूस जाताना कापड घेऊन जातो.

हे काल-परवा झालेले नाही. स्ट्रॅबो नावाच्या जुन्या ग्रीक भूगोलकाराने लिहून ठेवले आहे की हिएरापोलिसचे पाणी लोकर रंगवायला इतके अनुकूल की मुळ्यांच्या स्वस्त रंगात काढलेली लोकरही किमती जांभळ्याची बरोबरी करी. तिथल्या थडग्यांवर रंगाऱ्यांच्या संघांची नावे कोरलेली सापडतात. म्हणजे सहली सुरू होण्याच्या दोन हजार वर्षे आधी त्या पाण्यावर कारागिरांची रोजी चालत होती.

उर्दू शाळेत शिकलेल्या आम्हा लोकांना इब्न बतूताचे नाव नवे नाही. हिंदुस्थानात येण्यापूर्वी, १३३०च्या दशकाच्या सुरुवातीला तो या शहरी गेला. त्याच्या सफरनाम्यात शहराचे नाव लाझिक आहे. तिथल्या जरीकाठी सुती कापडाची तो तारीफ करतो: कापूस उत्तम, सूत पक्के पिळलेले, म्हणून कापड फार टिकते आणि शहराच्या नावानेच ओळखले जाते. त्याच्याबाबतीत तिथे एक मजेदार प्रसंग घडला. बाजारात शिरताच काही लोकांनी त्याच्या घोड्याचा लगाम धरला, दुसऱ्या टोळीने त्यांना अडवले आणि सुऱ्या निघाल्या. त्याला वाटले हे लुटारू. मग अरबी जाणणाऱ्या एका हाजीने उलगडा केला. हे ‘अखी’ होते, म्हणजे कारागीर-व्यापाऱ्यांच्या बिरादरीचे लोक, आणि भांडण पाहुणा कोणाकडे उतरणार यावर होते! शेवटी चिठ्ठ्या टाकून निकाल झाला. मुसाफिराला जेवण, हमाम आणि मुक्काम देणे हे त्या बिरादरीचे कामच होते. आणि मुसाफिराने मालाचे नाव जगभर नेले. सुऱ्या सोडून बाकी सारे आपल्या बाजारपेठांनी घ्यावे असे आहे.

आज तिथे जे पातळ, सपाट विणीचे अंग पुसायचे कापड खपते त्याला पेश्तेमाल म्हणतात. हलके, लवकर वाळणारे, घडी करून पिशवीच्या कोपऱ्यात मावणारे. बांधवांनो, आपला पंचा याहून वेगळा काय आहे? सोलापूर आम्हा कर्जतकरांना जवळ. तिथली चादर आणि टॉवेल या दोन्हींना भौगोलिक मानांकन मिळालेले आहे. पंच्याला दोन रंगांचा काठ आणि गोंडे लावून घेतले, कागदी पट्टीत घडी घातली आणि पट्टीवर ठिकाणाचे नाव छापले, की तोच पंचा आठवणीची वस्तू होतो. शिवणकामातल्या उरलेल्या तुकड्यांची, आतून प्लास्टिकचे अस्तर लावलेली ओल्या कपड्यांची पिशवी हे घरच्या महिलांना सहज जमणारे काम आहे.

महाराष्ट्रात असा कापडाचा आणि सहलीचा जोड नव्हता असे नाही. औरंगाबादेत (आता छत्रपती संभाजीनगर) वेरूळ, दौलताबाद, मकबरा, पाणचक्की अशी एका दिवसाची फेरी असते आणि तिच्यातले प्रवासी हिमरूच्या दुकानावर नेले जातात. सूत आणि रेशमाचे हे कापड आपल्या कारागिरांच्या हातचा हुनर. पण यंत्रमागाचा स्वस्त माल हातमागाचा म्हणून खपवला जाऊ लागला की खऱ्या विणकराचा भाव पडतो. मग मुलगा मागावर बसत नाही. मालातला दोष सांगून विकणे हा आपल्या दीनचा हुकूम आहे, आणि बाजाराचा अनुभवही तेच सांगतो. यंत्रमागाचा माल यंत्रमागाचा म्हणूनच विकावा. पानिपतची चादर सोलापूरची म्हणू नये.

गाईड आणि ड्रायव्हरच्या दलालीचेही असेच. समजा पंचा १४० रुपयांना पडला आणि २०० ला विकला. शेकडा १० दलाली दिली तर २० रुपये गेले, ४० उरले, त्यात जागेचे भाडे आणि माणूस बसवा. शेकडा ३० मागितले तर ६० गेले, म्हणजे काहीच उरले नाही. मग दुकानदार २०० चा पंचा ३०० ला लावतो. गिऱ्हाईक घरी जाते, तोच माल २०० ला पाहते, आणि पुढच्या सहलीला जाणाऱ्या शेजाऱ्याला ‘तिथे काही घेऊ नकोस’ म्हणून बजावते. दलाली ही ठरवलेल्या मेहनतीची मजुरी आहे, ती आधी ठरवावी आणि किमतीत लपवू नये.

वीस मिनिटांच्या दुकानाची रीत साडीच्या दुकानाहून उलटी आहे. गादीवर बसून चाळीस वाण उलगडून दाखवणे इथे चालत नाही. वाण चार-पाचच, किंमत प्रत्येक वस्तूवर लिहिलेली, घासाघीस नाही, आकडे १००, २०० असे सुटसुटीत. घेणारे पाच, देणारा एक असे होऊ देऊ नये. गाडी आली की दोन माणसे तरी उभी हवीत. पैसे घ्यायला क्यूआरचा फलक आणि सुटे दोन्ही ठेवावे, नदीकाठी फोनला रेंज मिळेलच असे नाही.

आता आमच्या तालुक्याचे पाहा. सिद्धटेकपासून जवळच, भीमेकाठी, श्रीगोंदा तालुक्यात पेडगाव आहे. तिथला बहादूरगड म्हणजे १६७०च्या दशकात मोगल सरदार बहादूरखानाच्या छावणीची जागा. आता त्याला धर्मवीरगड म्हणतात. आत यादवकालीन लक्ष्मीनारायण मंदिराचे कोरीव अवशेष आहेत. कर्जतजवळ रेहेकुरीचे काळवीट अभयारण्य १९८० साली झाले. राशीन, सिद्धटेक, पेडगाव, रेहेकुरी अशी फेरी एका दिवसात आरामात होते. पण माहीतगार गाईडसह ती नेमाने चालवणारा कोणी पुढे आला पाहिजे. नगर शहराची वेगळी फेरी होईल: १५८३ सालचा फराहबाग, सलाबतखानाचा मकबरा, किल्ल्यावरच्या मजुरांनी दमडी दमडी जमवून बांधली असे सांगतात ती दमडी मशीद, आणि तो किल्ला, जिथे मौलाना आझादांनी १९४२ ते १९४५च्या कैदेत ‘गुबारे खातिर’ची पत्रे लिहिली. उर्दू वाचणाऱ्या माणसाला तेवढ्यासाठी गाडीत बसवता येईल. किल्ला लष्कराच्या ताब्यात आहे, म्हणून जाण्याआधी परवानगीची चौकशी करावी आणि ओळखपत्र जवळ ठेवावे.

दुकानासाठी देवस्थानाच्या दारातली जागा मागत बसण्यापेक्षा, गाडी चहाला थांबते त्या हॉटेलमालकाशी सहा बाय आठ फुटांच्या जागेचा लेखी भाडेकरार करावा. तो हिंदू असो की मुसलमान, त्याला भाडे मिळते आणि गाडी जास्त वेळ थांबते, म्हणून तोच तुमची जागा राखील. दोन-तीन जणांनी मिळून घेतली तर कापड, बांगड्या आणि अत्तर एकाच टेबलावर बसतात. पहिली खेप लहान असावी: पन्नास पंचे, तीस पिशव्या, दहा घोंगड्या. शनिवार-रविवार असे चार आठवडे काय खपले ते वहीत मांडावे आणि उरलेला माल आठवडी बाजारात काढावा. पंचा तिथेही विकतो, ठिकाणाचे नाव छापलेली पट्टी मात्र काढून ठेवावी, पुढच्या घडीला उपयोगी पडते.