जबड्यातून कानाकडे

विद्यार्थ्यांना कानापुढे बोट ठेवून तोंड उघडावयास सांगावे. जबड्याचा सांधा हालताना जाणवेल. सरड्याच्या खालच्या जबड्यात प्रत्येक बाजूस अनेक हाडे असतात, मनुष्यात एकच. मग उरलेली गेली कोठे? १८३७ साली जर्मन शास्त्रज्ञ रायखर्ट यांनी भ्रूणांच्या अभ्यासावरून दाखविले की, सरपटणाऱ्या प्राण्यांत हा सांधा बनविणारी दोन हाडे सस्तन प्राण्यांच्या मध्यकर्णात हातोडी व ऐरण म्हणून नांदतात. सुमारे २० कोटी वर्षांपूर्वीच्या मॉर्गन्युकोडॉन या चिमुकल्या प्राण्याच्या जीवाश्मांत जुना व नवा असे दोन्ही सांधे एकत्र आढळतात.

कानशिलात मारलेल्या चपराकीने कानाचा पडदा फाटू शकतो. कोट्यवधी वर्षांत घडलेल्या या रचनेवर शिक्षकाचा हात कधीही पडू नये.