हिटलरशाही, ज्यूंचा छळ आणि ख्रिस्ती धर्मसंस्था

राज्यसत्ता आणि धर्मसंस्था यांच्यातील संघर्ष युरोपच्या इतिहासाला नवा नाही. परंतु १९३३ ते १९४५ या बारा वर्षांत जर्मनीत व जर्मनव्याप्त देशांत हा संघर्ष ज्या स्वरूपात उभा राहिला, त्याला पूर्वीच्या इतिहासात तोड नाही. शेजाऱ्यावर प्रेम करा असे शिकविणाऱ्या धर्माच्या अनुयायांनी, आपल्या डोळ्यांदेखत शेजारचा ज्यू नाहीसा केला जात असताना काय केले? या प्रश्नाचे उत्तर एका शब्दात देता येत नाही. काहींनी साथ दिली, पुष्कळजण गप्प राहिले आणि थोड्यांनी प्राणाची बाजी लावली. प्रस्तुत लेखात या थोड्यांचा आणि त्यांच्याभोवतीच्या मौनाचा विचार करावयाचा आहे.

१९३३ साली जर्मनीची लोकसंख्या सुमारे साडेसहा कोटी होती. त्यांपैकी सुमारे चार कोटी लोक प्रॉटेस्टंट व दोन कोटी कॅथलिक होते. ज्यूंची संख्या जेमतेम पाच लाख, म्हणजे शेकडा एकाहूनही कमी होती. एवढ्या प्रचंड ख्रिस्ती समाजाने एकमुखाने विरोध केला असता तर काय घडले असते, हा विचार मनात आल्यावाचून राहत नाही. मग तसा विरोध का झाला नाही?

याची कारणे अनेक आहेत. ज्यूंविषयीचा द्वेष हिटलरने नव्याने निर्माण केला नव्हता. ख्रिस्ती युरोपात तो शतकानुशतके मुरलेला होता. खुद्द मार्टिन ल्यूथरने १५४३ मध्ये ज्यूंविरुद्ध अत्यंत कठोर पुस्तक लिहिले होते आणि नाझींनी त्याचा प्रचारासाठी मनसोक्त वापर केला. दुसरे कारण म्हणजे राज्यकर्त्यांची आज्ञा पाळणे हे धर्मकर्तव्यच मानण्याची परंपरा. तिसरे कारण साम्यवादाची धास्ती. कॅथलिक धर्मपीठाने तर २० जुलै १९३३ रोजी हिटलरच्या सरकारशी करार करून आपल्या संस्थांचे रक्षण होईल अशी आशा बाळगली. शिवाय एक गोष्ट सहसा लक्षात येत नाही. आपण 'आर्य' आहोत हे सिद्ध करण्यासाठी लोकांना आजी-आजोबांच्या बाप्तिस्म्याचे दाखले लागत आणि ते चर्चच्या दप्तरातून दिले जात. म्हणजे चर्चचे कारकुनी कामदेखील नकळत या यंत्रणेचा भाग बनले होते.

एप्रिल १९३३ मध्ये ज्यू वंशाच्या माणसांना सरकारी नोकरीतून काढून टाकणारा कायदा झाला. त्यातील 'आर्य कलम' सप्टेंबरमध्ये प्रशियाच्या प्रॉटेस्टंट चर्चने स्वतःलाही लावून घेतले. तेव्हा बर्लिनच्या डालेम भागातील पाळक मार्टिन नीमोलर यांनी त्याविरुद्ध पाळकांचा एक संघ उभारला. काही महिन्यांतच सहा हजारांहून अधिक पाळक त्यात सामील झाले. याच चळवळीतून मे १९३४ मध्ये बार्मेन येथे एक जाहीरनामा प्रसिद्ध झाला. चर्चचा प्रभू ख्रिस्त आहे, कोणी राजकीय नेता नव्हे, असे त्यात ठामपणे बजावले होते. 'कन्फेसिंग चर्च' या नावाने ही चळवळ ओळखली जाते.

येथे मात्र थांबून नीट पाहावे लागते. बार्मेनच्या जाहीरनाम्यात ज्यूंच्या छळाविषयी एक शब्दही नाही. भांडण होते ते चर्चच्या स्वातंत्र्यासाठी. आर्य कलमाला विरोध होता तोही मुख्यतः बाप्तिस्मा घेतलेल्या ज्यू वंशाच्या ख्रिस्ती लोकांपुरता. स्वतः नीमोलर यांनी प्रारंभी हिटलरच्या उदयाचे स्वागत केले होते. १९३७ साली त्यांना अटक झाली आणि पुढे १९४५ पर्यंत साक्सेनहाउसेन व डाखाऊ येथील छळछावण्यांत ते बंदिवान होते. आपण इतरांसाठी वेळीच बोललो नाही, ही खंत त्यांनी युद्धानंतर गावोगावी बोलून दाखविली.

फार थोड्या लोकांना हा फरक आरंभीच उमगला होता. तरुण धर्मशास्त्रज्ञ डीट्रिख बोनहोफर यांनी १९३३ मध्येच असे प्रतिपादन केले की, अन्यायाला बळी पडलेला माणूस ख्रिस्ती असो वा नसो, त्याला साहाय्य करणे हे चर्चचे कर्तव्य आहे. आणि प्रसंगी अन्यायी राज्ययंत्राला आडवे जाणेही चर्चला टाळता येणार नाही. अहिंसक प्रतिकाराचा मार्ग प्रत्यक्ष पाहण्यासाठी गांधीजींकडे येण्याची त्यांची फार इच्छा होती. १९३४ साली गांधीजींनी त्यांना निमंत्रणही पाठविले; पण तो योग आला नाही. हिटलरविरोधी कटाशी संबंध आल्यामुळे ९ एप्रिल १९४५ रोजी त्यांना फाशी देण्यात आले.

नोव्हेंबर १९३८ मध्ये देशभर ज्यूंची प्रार्थनामंदिरे जाळली गेली. त्यानंतर एकाच आठवड्याने वुर्टेंबर्गमधील ओबरलेनिंगेन या खेड्याचे पाळक यूलिउस फॉन यान यांनी व्यासपीठावरून या पापाचा उघड धिक्कार केला. जमावाने त्यांना बेदम मारले आणि पुढे त्यांना तुरुंगवास घडला. बर्लिनच्या संत हेडविग कथीड्रलचे कॅथलिक धर्मगुरू बेर्नहार्ड लिख्टेनबेर्ग यांनी तर ज्यूंसाठी दररोज जाहीर प्रार्थना चालविली. १९४१ मध्ये त्यांना अटक झाली. शिक्षा भोगून झाल्यावर डाखाऊला नेत असताना ५ नोव्हेंबर १९४३ रोजी त्यांचा मृत्यू झाला.

जाहीर निषेधाने काहीच साधले नसते, असे कोणी म्हणेल. म्युन्स्टरचे बिशप फॉन गालेन यांचे उदाहरण या संदर्भात विचारात घेण्याजोगे आहे. मनोरुग्ण व अपंग यांची सरकार गुप्तपणे हत्या करीत आहे, हे त्यांनी ३ ऑगस्ट १९४१ च्या प्रवचनात उघड केले. त्या प्रवचनाच्या प्रती हातोहात देशभर गेल्या. तोवर सत्तर हजारांवर बळी गेले होते. त्याच महिन्यात हिटलरने त्या योजनेला अधिकृत स्थगिती दिली. हत्या पुढे छुप्या रीतीने चालूच राहिल्या हे खरे. परंतु लोकमताची दखल या राजवटीलाही घ्यावी लागत होती, एवढे यावरून दिसते. ज्यूंसाठी मात्र असा आवाज बिशपांच्या आसनावरून जर्मनीत उठला नाही.

जर्मनीबाहेरची चित्रे वेगवेगळी आहेत. डेन्मार्कमध्ये ३ ऑक्टोबर १९४३ रोजी ज्यूंच्या छळाचा निषेध करणारे बिशपांचे पत्र चर्चमधून वाचले गेले. साऱ्या समाजानेच पाठबळ दिल्यामुळे सात हजारांहून अधिक ज्यू होड्यांतून स्वीडनला सुखरूप पोहोचले. बल्गेरियात ऑर्थोडॉक्स चर्चचे स्तेफान व किरिल हे धर्माधिकारी आणि संसदेचे उपाध्यक्ष दिमितार पेशेव यांच्या विरोधामुळे देशातील सुमारे ४८ हजार ज्यू वाचले; तथापि बल्गेरियाच्या ताब्यातील थ्रेस व मॅसिडोनिया आदी प्रदेशांतील अकरा हजारांवर ज्यू मृत्यूच्या छावणीत धाडले गेले. हॉलंडमध्ये याच्या उलट अनुभव आला. कॅथलिक बिशपांनी २६ जुलै १९४२ रोजी निषेधाचे पत्र वाचून दाखविले आणि सूड म्हणून आठवड्याभरात कॅथलिक झालेल्या ज्यूंना पकडण्यात आले. तत्त्वज्ञ व जोगीण एडिट श्टाइन त्यांतच होत्या. धैर्याचे फळ नेहमी गोडच येते असे नाही, हेही आपण ध्यानात ठेवले पाहिजे. तरीही हॉलंडमध्ये मौन पाळल्याने ज्यू वाचले असते असे म्हणता येणार नाही. ज्यांच्यासाठी कोणी बोलले नाही तेही तेथे वाचले नाहीत.

युद्ध संपल्यावरही अपराधाची कबुली सावकाशच आली. ऑक्टोबर १९४५ च्या श्टुटगार्ट येथील निवेदनात जर्मन प्रॉटेस्टंट चर्चने आपला दोष मान्य केला. पण त्यातही ज्यूंचा उल्लेख नव्हता. तो १९५० च्या वाइसेनझे येथील निवेदनात आला. ख्रिस्ताच्या मृत्यूचा दोष ज्यू जमातीवर लादता येणार नाही, असे कॅथलिक चर्चने १९६५ मध्ये दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेत घोषित केले.

या इतिहासातून एक गोष्ट स्पष्ट होते. आपल्या संस्थेवर घाला आला की लढणारे पुष्कळ असतात. दुसऱ्यावर आला असता पुढे सरसावणारे थोडे. जेथे हे थोडे लोक लवकर आणि उघडपणे बोलले व समाज त्यांच्या पाठीशी उभा राहिला, तेथे माणसे वाचू शकली. कोणतीही संस्था, मग ती धर्माची असो वा विद्येची, स्वतःच्या भिंती किती सांभाळते यापेक्षा भिंतीबाहेरच्या माणसासाठी काय करते, यावरच इतिहास तिची किंमत ठरवितो.