ओवी नाव ठेवणार असाल तर

लोणावळा,
आषाढ

चि. बंड्यास आत्याचे अनेक आशीर्वाद.

वि. वि. लेकीचं नाव 'ओवी' ठेवायचं तुम्ही दोघांनी ठरवलंत, हे वहिनींकडून कळलं. त्यांची कुरकूरही कळली. नाव फार आखूड, ना देवाचं ना घराण्यातलं, शिवाय गुरुजींनी काढून दिलेलं अक्षर भलतंच. 'ओ' पडतं रोहिणीच्या पहिल्या चरणात, म्हणजे वृषभ राशीला. आणि आपल्या पोरीचं नक्षत्र दुसरंच. यावर तू म्हणे एवढंच म्हणालास की, "वेगळं नाव आहे, फारसं कोणाचं नसतं." बंड्या, नाव मलाही आवडलं, पण तुझ्या या उत्तरावर भागायचं नाही. ती बालवाडीत गेली आणि शेजारच्या बाकावर दुसरी ओवी निघाली, तर तुझं वेगळेपण तिथेच संपलं. मग उरायचा तो अर्थ, आणि तो तुला ठाऊक असायला हवा.

नाव दुर्मीळ असलं की मोलाचं, असं काही नसतं. आपली इंद्रायणीच बघ. उगम इथे कुरवंड्याजवळ, पुढे देहू आणि आळंदी. वडगाव मावळच्या भात संशोधन केंद्राने १९८७ साली नवा वाण काढला, त्यालाही इंद्रायणीच नाव दिलं. मुंबई-पुण्याच्या गाडीलाही तेच नाव. रोज इतक्या तोंडी येऊनही ते झिजलेलं नाही, कारण त्याच्या मागे काहीतरी भरीव आहे.

गाण्यावरून नाव ठेवण्यात नवलही नाही. आसावरी, भैरवी, सावनी, मल्हार, केदार, सारंग ही नावं रागदारीतून आली. ऋचा, गायत्री, आर्या, गाथा ही छंदांतून आणि ग्रंथांतून आली. ओवी बसते याच पंगतीत, पण तिची जात जरा निराळी आहे. तुझे सासरे म्हणाले, "ज्ञानेश्वरीतली ओवी, म्हणजे नाव पवित्रच झालं." खरंच आहे. नऊ हजारांवर ओव्या माउलींनी रचल्या, शके १२१२ म्हणजे १२९० साली. मात्र त्याच्याही दीडेकशे वर्षं आधी चालुक्य राजा सोमेश्वर तिसरा याने 'मानसोल्लास' या संस्कृत ग्रंथात नोंद करून ठेवलीय की, महाराष्ट्रातल्या बायका कांडताना ओवी गातात. म्हणजे ओवी आधी मुसळाजवळ आणि जात्याजवळ होती, ग्रंथात मागाहून आली. माउलींनी बायकांच्या तोंडचा छंद उचलला, हेच त्यांचं थोरपण. वहिनींना हे नीट समजावून सांग. देवाचं नाव नाही म्हणतात, पण देवाचा ग्रंथ त्याच नावाच्या छंदात आहे.

तुझ्या पिढीने जातं पाहिलं ते हॉटेलाच्या दारात, शोभेला ठेवलेलं. म्हणून जरा सांगते. आंदर मावळात माझ्या आजोळी पहाटे चारला दळण सुरू व्हायचं. आजी आणि मोठी मामी समोरासमोर बसायच्या, एक पाय लांब सोडून, दोघींचे हात एकाच खुंट्यावर. आजी ओवीचा पहिला चरण म्हणायची, दुसरा मामी उचलायची. जातं जड चाललं की सूरही ओढून यायचा. पीठ बारीक पडू लागलं की चाल हलकी व्हायची. आजी वैरण घालायला हात काढायची तेवढ्यापुरता सूर थांबायचा आणि मूठभर नाचणी आत गेली की पुढे चालू. पहिली ओवी देवाला, मग आईबापाला, मग भावाला. त्यानंतर मात्र पोटातलं बाहेर यायचं. सासूचा जाच, माहेरची वाट, न आलेला मुराळी. जे चारचौघांत बोलायची सोय नव्हती ते जात्याला सांगायचं. घरातली पुरुषमाणसं अंथरुणातून सगळं ऐकत असायची आणि कोणी काही बोलत नसे. गाण्यातल्या बोलण्याला जाब विचारायचा नाही, हा रिवाज होता.

गावात पिठाची गिरणी आली आणि बायकांच्या खांद्यांना विसावा मिळाला. त्याचं दुःख करू नकोस. मामीने कधी केलं नाही. पण दळण गेलं तशा ओव्याही गेल्या. त्या जायच्या आत हेमा राईरकर आणि गी पॉयटवाँ यांनी १९८०च्या दशकापासून पुणे जिल्ह्यातल्या डोंगरी गावांत हिंडून त्या उतरवून घ्यायला सुरुवात केली. पुढे काम राज्यभर पसरलं आणि लाखावर ओव्या जमल्या. त्यांत राम-सीता आहेत, विठ्ठल आहे, आणि बाबासाहेबांवरच्या ओव्याही भरपूर आहेत. आता 'परी' या ग्रामीण भारताच्या संकेतस्थळावर त्या वाचता येतात, कित्येक ऐकताही येतात. मला त्यात सगळ्यांत काय आवडलं सांगू? ओवीसोबत गाणारणीचं नाव असतं, तिच्या गावाचं असतं.

हे मी मुद्दाम सांगते आहे. कार्ल्याच्या चैत्यगृहात खांबाखांबावर दान देणाऱ्यांची नावं ब्राह्मीत कोरलेली आहेत, दोन हजार वर्षांपूर्वीची. दात्याचं नाव दगडावर राहिलं. ओव्या रचणाऱ्या बायकांचं नाव मात्र त्यांच्या स्वतःजवळही राहिलं नाही. लग्नात ताटातल्या तांदळावर अंगठीने नवं नाव लिहिलं की बापाने ठेवलेलं पुसलं. माझ्या आजीचं माहेरचं नाव आम्हाला ती गेल्यावर कळलं. अशा बायकांच्या गाण्याचं नाव तू लेकीला देतोयस. तेव्हा दोन गोष्टी पाळ. एक, हे नाव पुढे कोणीही, कसल्याही कौतुकाने, बदलायचं नाही. दुसरी, तिला चार तरी ओव्या पाठ हव्यात, त्यातली एक आपल्या मावळातली.

आता व्यवहाराचं. शाळेत पोरं 'ओवा' म्हणून चिडवणार, हे धरून चाल. तिला आत्ताच वाचवायला जाऊ नकोस. चिडवायला जमणार नाही असं नाव अजून कोणाला सापडलेलं नाही. इंग्रजी स्पेलिंग एकदाच ठरवा आणि सगळीकडे तेच ठेवा. १ ऑक्टोबर २०२३ पासून जन्मलेल्यांना शाळेपासून पासपोर्टापर्यंत जन्मदाखलाच दाखवावा लागतो, तिथली चूक जन्मभर पुरते. नोंदणी झाल्यापासून १२ महिन्यांत नाव घालायला पैसे पडत नाहीत, त्यामुळे उद्याच धावायचं कारण नाही. आणि आपल्या राज्यात १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या नावापुढे आधी आईचं नाव लागतं, मग बापाचं. ओवी, मग सूनबाईंचं नाव, मग तुझं. हा क्रम या नावाला शोभतो, तेव्हा त्यावर नाक मुरडू नकोस.

वहिनींचं मन मोडू नका. नक्षत्राच्या अक्षराचं पाळण्यातलं नाव त्यांना निवडू दे, पत्रिकेत तेच राहू दे. मात्र हाक मारायचं आणि कागदावरचं नाव एकच, ओवी, हे त्यांना आधीच प्रेमाने पण स्पष्ट सांग. बारशाच्या दिवशी पाळण्याशेजारी वाद नको.

कानात नाव सांगायचा मान तुझ्या बहिणीचा. तिला कळव, नुसतं कुर्र करून पाठीत धपाटे खाऊन सुटका नाही. पाळण्याला पहिला झोका देताना एक ओवी म्हणावी लागेल. येत नसेल तर आदल्या दिवशी माझ्याकडे यावं, मी शिकवीन. आवाज फाटका असला तरी चालेल, जात्यावर कोणी गळा तपासत नसे.

सूनबाईंना जप. रात्रीचं जागरण तिच्या एकटीवर टाकू नकोस.

कळावे.
तुझी आत्या

ता. क. तुझ्या मामेभावाबरोबर इंद्रायणीचा जुना तांदूळ पाठवते आहे. बाळंतिणीला मऊ भात कर, वर तूप सढळ हाताने. घुगऱ्यांचे हरभरे मात्र तिकडेच घ्या.