दुधाच्या किटल्यांतला इतिहास

इतिहास म्हणजे राजे आणि लढाया, असे आपण समजतो. पण लढाईत शहर बुडाले, तेव्हा तिथल्या शिंप्याचे काय झाले? आईने चूल कशी पेटवली? हे कोण लिहितो? ते लिहून ठेवणाऱ्या एका मास्तरांची ही हकिगत. ही खरी घडलेली आहे.

युरोपात पोलंड नावाचा देश आहे. वॉर्सा ही त्याची राजधानी. तिथे इमॅन्युएल रिंगेलब्लूम राहत. ते इतिहासाचे अभ्यासक. शाळेत शिकवीतही असत. धर्माने ते ज्यू होते.

१९३९ साली हिटलरच्या जर्मनीने पोलंड जिंकला. हिटलर ज्यूंचा वैरी. १९४० च्या नोव्हेंबरात चार लाखांवर ज्यूंना वॉर्साच्या एका भागात कोंडले. भोवती उंच भिंत. धान्य अपुरे. भुकेने आणि तापाने माणसं रस्त्यात मरू लागली.

रिंगेलब्लूम यांनी ओळखले, की हे मारणारे उद्या आपल्यालाच वाईट ठरवतील. मग खरं कोण सांगणार? त्यांनी गुपचूप माणसे जमवली. ही मंडळी शनिवारी भेटत. शनिवार हा ज्यूंचा विसाव्याचा दिवस. आपल्या कोकणातले बेने इस्रायल लोकही ज्यूच. ते शनिवारी तेलाचा घाणा बंद ठेवीत. म्हणून लोक त्यांना ‘शनवार तेली’ म्हणत.

या मंडळींनी सगळ्यांना विचारले. बायकांना विचारले, कामगारांना विचारले, घर सोडून आलेल्यांना विचारले. मुलांकडून निबंध लिहून घेतले. पत्रे, रेशनकार्डे, ट्रामची तिकिटे, गोळ्यांचे कागदसुद्धा जपून ठेवले. आपल्यातल्या काळाबाजारवाल्यांचे आणि लाचखाऊंचे वागणेही लिहिले. चांगले तेवढे ठेवले आणि वाईट झाकले, असे केले नाही.

१९४२ च्या उन्हाळ्यात अडीच लाखांवर माणसे आगगाडीत भरून नेली आणि ट्रेब्लिंका इथे ठार मारली. तेव्हा या मंडळींनी कागद पत्र्याच्या दहा डब्यांत भरले आणि एका शाळेच्या तळघरात पुरले. १९४३ च्या फेब्रुवारीत आणखी कागद दुधाच्या दोन मोठ्या किटल्यांत घालून पुरले. १९४४ च्या मार्चमध्ये रिंगेलब्लूम यांना, त्यांच्या बायको-मुलासह, जर्मनांनी ठार मारले.

या कामातली अगदी थोडी माणसे वाचली. त्यांनी जागा दाखवली. सगळीकडे विटांचा ढिगारा होता. तरी १९४६ साली डबे सापडले. डब्यांत पाणी शिरले होते. १९५० साली किटल्या सापडल्या. सुमारे ३५,००० पाने हाती आली. ती आज वॉर्सात जपून ठेवली आहेत.

लिहिणारे गेले. भिंतही गेली. पण लिहिलेले उरले. मारणाऱ्यांना वाटले होते, की यांचे नावही राहणार नाही. ते कागदाने खोटे पाडले.

आता तुम्हालाही लिहिता येते. पूर, दुष्काळ, साथ तुमच्या गावानेही पाहिली असेल. ती पाहिलेली म्हातारी माणसं अजून आहेत, तोवर त्यांना विचारा.

शब्दांचे अर्थ
हकिगत – घडलेली गोष्ट
तळघर – जमिनीखालची खोली

सांगा पाहू
१. रिंगेलब्लूम यांनी वाईट गोष्टीही का लिहून घेतल्या असतील?
२. ट्रामच्या तिकिटावरून काय कळेल?

लिहा
घरातल्या वडीलधाऱ्यांना एक जुनी आठवण विचारा. त्यांच्याच शब्दांत पाच ओळी लिहा. खाली साल आणि नाव घाला.