बिनतारी माऊस घेताना : काच, सेल आणि पक्के बिल

शहापूरच्या बाजारपेठेत दोरे, बटणे व अस्तराचे कापड विकणाऱ्या एका बांधवाने मागील पावसाळ्यात दुकानातील संगणकासाठी बिनतारी माऊस आणला. किंमत चारशे रुपये. काउंटरवर ठेवून फिरविला, तर पडद्यावरचा बाण जागचा हलेना; हललाच तर या कोपऱ्यातून त्या कोपऱ्यात उडी मारी. माल खराब निघाला असे समजून ते दुसऱ्या दिवशी आसनगावहून लोकल पकडून कल्याणला गेले. तेथील दुकानदाराने तोच माऊस आपल्या लाकडी टेबलावर फिरवून दाखविला, तो उत्तम चालला. अर्धा दिवस बुडाला, गाडीभाडे गेले, वर दोन शब्द ऐकावे लागले ते निराळेच. दोष माऊसचा नव्हता, काउंटरवरील काचेचा होता.

आपल्या भागात आता हार्डवेअरवाल्यापासून लग्नपत्रिका छापणाऱ्यापर्यंत अनेकांच्या दुकानात संगणक आहे. बिल, साठा, जीएसटीचे विवरणपत्र सारे त्यावरच होते. माऊस ही त्यातली सर्वांत स्वस्त वस्तू, म्हणून ती घेताना आपण विचार करीत नाही. परंतु दिवसभर हातात असते तीच, आणि बिघडली की सारे काम अडते तेही तिच्यामुळेच.

प्रथम काचेचे पाहू. माऊसचा पहिला नमुना अमेरिकेत डग्लस एंगेलबार्ट व त्यांचे सहकारी बिल इंग्लिश यांनी लाकडी खोक्यात बनविला आणि ९ डिसेंबर १९६८ रोजी सॅन फ्रान्सिस्को येथे तो लोकांना दाखविण्यात आला. पुढे पोटात गोळी असलेले माऊस आले. ती गोळी काढून धूळ पुसण्याचे काम ज्यांनी केले आहे त्यांना ते दिवस आठवत असतील. १९९९ मध्ये मायक्रोसॉफ्टने कोणत्याही खास चटईशिवाय प्रकाशावर चालणारा माऊस बाजारात आणला आणि हळूहळू गोळी गेली. आजच्या माऊसच्या पोटात एक दिवा व एक इवलासा कॅमेरा असतो. तो खालच्या पृष्ठभागाची सेकंदाला हजाराहून अधिक चित्रे घेतो आणि एका चित्रातील खुणा पुढच्या चित्रात किती सरकल्या यावरून हात कुठे गेला ते ठरवितो. लाकडाला रेषा असतात, कापडाला वीण असते, कागदालाही बारीक तंतू असतात. स्वच्छ काचेला काहीच नसते! मग कॅमेऱ्याने पाहावे काय? काचेवर चालणारे माऊस लॉजिटेक कंपनीने २००९ साली आणले आहेत, पण ते महाग असतात आणि आपल्याला त्यांची गरज नाही. वीतभर रुंदीचा पुठ्ठा, जुन्या कॅलेंडरची मागची बाजू किंवा न चमकणाऱ्या रेक्झिनचा तुकडा काचेवर चिकटविला की काम झाले. त्या दोरेवाल्या बांधवाचे काम शेवटी अस्तराच्या एका तुकड्यावर भागले.

आता मूळ प्रश्न. बिनतारी माऊस खरोखर हवा आहे काय? संगणक एकाच जागी असेल, टेबलावर जागा मोकळी असेल, तर वायरचा माऊस निम्म्या किमतीत मिळतो, त्याला सेल लागत नाही आणि तो कोणी खिशात घालून नेत नाही. बिनतारी घ्यावा तो अडचणीच्या जागी : ज्या काउंटरवरून मालाचे गठ्ठे सरकवावे लागतात आणि वायर दर वेळी अडकते, जेथे लॅपटॉप सकाळी दुकानात व रात्री घरी जातो, किंवा जेथे कारागीर गिऱ्हाईकाला समोर बसवून मोठ्या पडद्यावर खिडकीचे वा कोरीवकामाचे डिझाइन दाखवितो. वायरचा माऊस बहुधा मानेपाशी, वायर जेथे आत शिरते तेथे मरतो. आपल्या दुकानात वायर रोज पिळली जात असेल, तर बिनतारीचे जादा पैसे वसूल होतात.

बिनतारीचे दोन प्रकार आहेत. एकासोबत नखाएवढा रिसीव्हर येतो, तो संगणकाच्या युएसबी तोंडात खोचायचा. दुसरा ब्लूटूथवर चालतो, त्याला रिसीव्हर लागत नाही. दुकानातील जुन्या डेस्कटॉप संगणकांत पुष्कळदा ब्लूटूथच नसते, म्हणून आपल्यापैकी बहुतेकांनी रिसीव्हरवालाच घ्यावा. मात्र लॅपटॉप नवा व पातळ असेल तर त्याला रुंद युएसबी तोंड आहे की नाही ते आधी पाहावे. रिसीव्हर हरवला तर स्वस्तातला माऊस बहुधा निकामीच समजावा, कारण त्याची जोडी कारखान्यातच जुळविलेली असते. अनेक माऊसच्या पोटात रिसीव्हर ठेवण्याचा खण असतो. तसा असलेलाच निवडावा.

हे रिसीव्हर २.४ गिगाहर्ट्झच्या लहरींवर चालतात. कमी शक्तीच्या उपकरणांसाठी या लहरी भारतात २००५ सालापासून परवान्याविना खुल्या आहेत, त्यामुळे वायफाय, ब्लूटूथ आणि माऊस यांची तेथे एकच गर्दी. बाण मधूनच अडखळत असेल तर लगेच माऊसला दोष देऊ नये. डेस्कटॉपची पेटी लोखंडी काउंटरखाली ढकललेली असते व रिसीव्हर तिच्या मागच्या बाजूला असतो, तेथे लहर अडते. दुसरे कारण कमी लोकांना ठाऊक आहे. निळ्या रंगाचे युएसबी तोंड वेगवान असते, पण त्यात पेन ड्राइव्ह वा हार्ड डिस्क चालू असताना ते याच लहरींत गडबड निर्माण करते. इंटेल कंपनीने २०१२ मध्ये तसे प्रसिद्ध केले आहे. म्हणून रिसीव्हर पुढच्या बाजूच्या काळ्या तोंडात लावावा. ते नसेल तर युएसबीची छोटी एक्स्टेन्शन वायर घेऊन रिसीव्हर टेबलावर आणावा. मी स्वतः एक चांगला माऊस या अज्ञानापायी पुतण्याला देऊन टाकला होता. त्याच्याकडे तो अजून चालतो आहे.

सेलच्या बाबतीत माझे मत स्पष्ट आहे. आतच बॅटरी असलेले, चार्जिंगचे माऊस दिसायला झकास असतात. पण दोन-चार वर्षांनी ती बॅटरी थकते, आणि ती बदलून देणारा आपल्या गावात सापडणे कठीण. उलट एका पेन्सिल सेलवर चालणारा माऊस घ्या, तो सेल टोकावड्यापासून किन्हवलीपर्यंत कोणत्याही किराणा दुकानात मिळतो. लॉजिटेकच्या एम १८५ या साध्या माऊसला कंपनी एका सेलवर बारा महिने सांगते. दुकानातल्या दिवसभराच्या वापरात तितके धरू नयेत, तरी काही महिने सहज निघतात. भिंतीवरच्या घड्याळाचा स्वस्त सेल घालण्यापेक्षा अल्कलाइन सेल घालावा, कारण स्वस्त सेल लवकर उतरतो आणि आतल्या आत पाझरून पत्र्या खातो. दुकान आठ-पंधरा दिवस बंद राहणार असेल तर सेल काढून ठेवावा, विशेषतः पावसाळ्यात.

खोक्यावर डीपीआयचे मोठमोठे आकडे छापलेले असतात, १६००, २४००, ३२००. बिले व हिशेब करणाऱ्याला हजार पुरेसे आहेत. त्या आकड्यापायी शंभर रुपये जादा मोजू नका. त्याऐवजी दोन गोष्टी तपासा. पहिली, हाताचा आकार. खेळण्यासारखा छोटा माऊस प्रवासाला बरा, पण दिवसभर कात्री चालविणाऱ्या शिंप्याने किंवा भरतकामाची डिझाइने करणाऱ्या कारागिराने तळहात टेकेल एवढा मोठा घ्यावा; मनगट आधीच दुखते, त्यात भर नको. डावखुऱ्याने दोन्ही बाजू सारख्या असलेला घ्यावा. दुसरी, डावे बटण. स्वस्त माऊसमध्ये तेच आधी जाते आणि मग एकदा दाबले तरी संगणक दोनदा दाबले असे मानतो. एखादी फाइल दोनदा उघडली तर बिघडत नाही, पण एखादी नोंद दोनदा पडली तर महिनाअखेरीस हिशेब जुळविताना डोके धरण्याची वेळ येते. दुकानातच खोके उघडायला लावा, एखादी फाइल बटण दाबून धरून पडद्यावर या टोकापासून त्या टोकाला ओढा. मध्येच सुटली तर तो माऊस परत ठेवा.

आता किंमत. लॉजिटेक, एचपी, डेल, लेनोवो, झेब्रॉनिक्स, पोर्ट्रॉनिक्स अशा नावांचे साधे बिनतारी माऊस तीनशे-चारशे रुपयांपासून मिळतात. पाचशे-सातशेच्या आत आपली गरज भागते, त्यापुढे जाऊ नये. माऊसवर १८ टक्के जीएसटी आहे. ५९० रुपयांच्या माऊसमध्ये ९० रुपये कराचे असतात. करपात्र माल विकणाऱ्या व नियमित नोंदणी असलेल्या व्यापाऱ्याने आपला जीएसटी क्रमांक घालून पक्के बिल घेतले, तर या नव्वद रुपयांची वजावट मिळू शकते; कंपोझिशन योजनेत असलेल्याला ती मिळत नाही. पण पक्के बिल त्यानेही घ्यावेच, कारण गॅरंटीचा पुरावा तोच. बिल न घेता पन्नास रुपये सुटतात म्हणून खूश होणारे पुष्कळ पाहिले आहेत.

नामांकित कंपन्यांच्या नकला बाजारात असतात. २०११ च्या आवेष्टित वस्तूंच्या नियमांनुसार खोक्यावर कमाल किंमत, आयातदाराचे नाव व पत्ता, महिना व वर्ष आणि ग्राहकांसाठी संपर्क छापलेला असला पाहिजे. हे नसेल तर खोके उघडूही नका. फसवणूक झाली तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा क्रमांक १९१५ आहे.

गॅरंटीचा हिशेबही कागदावर मांडून पाहावा. शहापूरकराला आसनगावची गाडी तरी आहे, मुरबाडला रेल्वेच नाही. कल्याण गाठायचे तर एस.टी. किंवा जीप. चारशेच्या माऊससाठी दुकान बंद करून तीन तास घालविले तर गॅरंटी कोणाच्या कामाची? त्यामुळे गावातला दुकानदार चाळीस-पन्नास रुपये जास्त घेत असेल, पण बिघडलेला माऊस स्वतःच्या काउंटरवर बदलून देईन असे बिलावर लिहून देत असेल, तर त्याच्याकडूनच घ्यावा. घरपोच मागवायचा असेल तर परत करण्याची मुदत किती दिवसांची आहे ते आधी वाचावे आणि आल्या दिवशीच तपासून पाहावा.

आणि जुना वायरचा माऊस चालू स्थितीत असेल तर तो भंगारात देऊ नका, ड्रॉवरमध्ये ठेवा. जीएसटीआर-३बी अनेकांना पुढील महिन्याच्या २० तारखेपर्यंत भरावा लागतो, आणि सेल नेमका त्याच रात्री उतरतो.