जुन्या संगणक-खेळातील फेरबदल : त्यांची मांडणी व व्यवस्था

संगणकावर खेळावयाच्या खेळांत एक प्रकार असा आहे की, त्यात खेळणारा एखाद्या पात्राची भूमिका पत्करतो, त्याचे गुणावगुण ठरवितो आणि मग एका काल्पनिक प्रदेशात हिंडत, भेटेल त्याच्याशी बोलत, लढत, प्रसंगी फसत कथा पुढे नेतो. कॅनडातील बायोवेअर या संस्थेने तयार केलेला व १९९८ साली प्रसिद्ध झालेला 'बाल्डर्स गेट' आणि २००० साली आलेला त्याचा दुसरा भाग हे या प्रकाराचे नामांकित नमुने होत. खेळ जुना झाला म्हणजे त्याचे निर्माते दुसऱ्या कामाकडे वळतात आणि राहून गेलेल्या चुका तशाच राहतात. अशा वेळी खेळणाऱ्यांपैकीच काही जाणकार पुढे होतात. ते चुका दुरुस्त करतात, अर्धवट सुटलेले प्रसंग पुरे करतात, नवी पात्रे घालतात. मूळ खेळावर घातलेल्या अशा प्रत्येक भरीस 'मॉड' म्हणतात. फेरबदल या अर्थाच्या इंग्रजी शब्दाचे ते आखूड रूप आहे.

समजा, चेन्नईतील गिंडी येथे, अण्णा विद्यापीठाच्या वसतिगृहात राहणाऱ्या एका विद्यार्थ्याने या दुसऱ्या भागाची जुनी प्रत मिळविली आणि उत्साहाच्या भरात एकाच संध्याकाळी आठ मॉड तिच्यात घातले. पहिले तीन आठवडे सर्व सुरळीत चालते. चौथ्या आठवड्यात एक सराईवाला भलत्याच माणसाची वाक्ये बोलू लागतो; पुढे, ज्या प्रसंगावाचून कथा सरकत नाही, तो प्रसंग घडतच नाही. रोज रात्री जागून जमविलेला तीन आठवड्यांचा खेळ वाया जातो. हे कशामुळे घडले, हे समजण्यासाठी खेळाची अंतर्गत रचना थोडी पाहिली पाहिजे.

या खेळातील सामग्री, म्हणजे पात्रे, स्थळे, शस्त्रे, चित्रे, ही काही मोठ्या गठ्ठ्यांत बांधून ठेवलेली असते आणि कोणती वस्तू कोणत्या गठ्ठ्यात आहे, याची एक सूची असते. ग्रंथालयातील कपाटे आणि त्यांची तालिका, असेच हे आहे. याखेरीज 'ओव्हरराइड' नावाचा एक मोकळा कप्पा असतो. एखादी वस्तू हवी झाली की, खेळ प्रथम या कप्प्यात डोकावतो. तेथे ती मिळाली तर गठ्ठ्याकडे जातच नाही. गठ्ठ्यांस हात न लावता नवी वस्तू पुढे आणण्याची ही सोय निर्मात्यांनी आपल्या कामासाठी ठेवली होती. मॉड करणाऱ्यांनी तिचा पुरेपूर उपयोग करून घेतला.

संवादांची व्यवस्था मात्र निराळी आहे. खेळातील सारी वाक्ये एकाच लांबलचक तक्त्यात अनुक्रमांकाने लिहिलेली असतात आणि पात्राच्या फाइलीत वाक्य नसून केवळ त्याचा क्रमांक असतो. आरंभीच्या काळातील मॉड हा तक्ताच सबंध बदलून टाकीत. एका मॉडने आपला तक्ता आणला, त्यावर दुसऱ्याने आपला आणला, की पहिल्याचे क्रमांक उरतात, पण त्या क्रमांकांवरची वाक्ये दुसऱ्याची होतात. सराईवाल्याच्या तोंडी भलती वाक्ये आली ती अशी.

या गोंधळावर उपाय शोधला तो वेस वायमर या संगणकशास्त्रज्ञाने. त्याने लिहिलेल्या 'वायडू' या साधनाची मूळ कल्पना साधी आहे : वस्तू बदलावयाची नाही, तिच्यात काय बदल करावयाचा एवढेच सांगावयाचे. एका दुकानदाराचे उदाहरण घ्या. पहिल्या मॉडला त्याच्या मालात एक ढाल घालावयाची आहे, दुसऱ्याला एक औषध. दोघांनीही आपापला सबंध दुकानदार कप्प्यात टाकला, तर मागून येणारा राहील आणि ढाल नाहीशी होईल. त्याऐवजी दोघांनीही 'या दुकानदाराच्या मालात अमुक वाढवा' एवढीच आज्ञा दिली, तर ढालही राहते आणि औषधही. वाक्यांच्या बाबतीतही हेच. वायडू नवी वाक्ये तक्त्याच्या शेवटी जोडते आणि त्यांना क्रमांक देते ते मॉड घालण्याच्या वेळी, आधी नव्हे. त्यामुळे दोन मॉडचे क्रमांक एकमेकांवर पडत नाहीत.

तरीही क्रमाचा प्रश्न उरतोच. गिंडीच्या अभियांत्रिकी महाविद्यालयाचे मूळ १७९४ साली मद्रासमध्ये निघालेल्या भूमापनाच्या शाळेत आहे. महाविद्यालय गिंडीस आले ते १९२० साली. गिंडीला लागूनच असलेल्या सेंट टॉमस माउंटपाशी विल्यम लॅम्टन याने १८०२ साली सुमारे साडेसात मैलांची पायारेषा पोलादी साखळीने मोजली आणि तिच्यावर पुढील त्रिकोण रचीत नेले. प्रत्येक त्रिकोण आधीच्या त्रिकोणाची एक बाजू घेऊन उभा राहतो. म्हणून पायारेषेतील चूक पुढे सर्वत्र जाते. मॉडचेही तसेच आहे. प्रत्येक मॉड आपल्या आधी जे घातले गेले आहे ते वाचतो आणि त्यावर आपले काम करतो. यासाठी मूळ चुका सुधारणारा दुरुस्ती-संच सर्वांत आधी घालतात. त्यानंतर नवे प्रसंग व नवे सोबती. मग शस्त्रे, मंत्र आणि नियमांतील बदल. शत्रूंना अधिक शहाणपणाने लढावयास शिकविणारे मॉड अगदी शेवटी येतात, कारण कोणाजवळ कोणते मंत्र व शस्त्रे आहेत हे पाहूनच ते लढाईचे डावपेच लिहितात. नवे सोबती त्यांच्या मागून घातले, तर त्यांची दखल या डावपेचांत कोठेच घेतली जात नाही. शस्त्रांविषयी येथे एवढेच सांगणे पुरे की, एका घावात राक्षस लोळविणाऱ्या तलवारींचे मॉड पुष्कळ आहेत आणि त्यांतील बहुतेक न घातल्याने कोणाचेही नुकसान होत नाही.

घातलेला मॉड काढण्याची रीतही क्रमाशी बांधलेली आहे. वायडू प्रत्येक बदलापूर्वीची स्थिती जपून ठेवते व काय, कोणत्या क्रमाने घातले याची नोंद एका फाइलीत करते. आठांपैकी तिसरा मॉड काढावयाचा झाल्यास ते आठवा, सातवा असे करीत चौथ्यापर्यंतचे सर्व उतरविते, तिसरा काढते आणि बाकीचे पुन्हा चढविते. पितळी डब्यांच्या उतरंडीतील मधला डबा काढण्यासारखेच हे आहे. जो घाईने कप्प्यातील फाइली हाताने पुसून टाकतो, तो उतरंड मधूनच ओढतो. नोंद म्हणते मॉड आहे, प्रत्यक्षात तो अर्धाच असतो.

काही गोष्टी आरंभीच केलेल्या बऱ्या. खेळाची स्वच्छ प्रत, एकही मॉड न घातलेली, वेगळ्या जागी ठेवावी आणि प्रयोग दुसऱ्या प्रतीवर करावेत. २००७ साली बाजारात आलेल्या व्हिस्टापासून विंडोज ही प्रणाली आपल्या 'प्रोग्रॅम फाइल्स' या कप्प्यात कोणालाही सहजासहजी लिहू देत नाही. जुना खेळ तेथे मांडल्यास बदल भलतीकडेच साठविले जाण्याचा संभव असतो, म्हणून तो अन्यत्र मांडावा. २०१३ साली निघालेली याच खेळाची सुधारित आवृत्ती ज्याच्याजवळ असेल, त्याने तिची आपोआप होणारी अद्ययावती थांबवावी, नाहीतर वाक्यांचा तक्ता एखाद्या सकाळी नव्याने येऊन बसेल. आणि चालू खेळाच्या मध्यावर मॉड घालू नये. खेळणारा एखाद्या स्थळी जाऊन आला की, त्या स्थळाची स्थिती त्याच्या जतन केलेल्या खेळात लिहिली जाते. पुढे मॉडने तेथे नवे पात्र आणले, तरी खेळ जुनीच स्थिती वाचतो आणि ते पात्र दिसत नाही. विद्यार्थ्याचा प्रसंग घडला नाही, याचे एक कारण असेही असू शकेल.

आता समजा, या विद्यार्थ्याला खेळातील पात्रांनी तमिळ बोलावे असे वाटले. जुन्या आवृत्तीत अक्षरांची चित्रे एका फाइलीत असतात आणि त्यांना जागा फक्त २५६. तमिळची अक्षरे २४७ मोजली जात असली तरी लिहावयास लागणारे आकार त्याहून पुष्कळ कमी आहेत, कारण तमिळमध्ये जोडाक्षरे जवळजवळ नाहीत. तमिळनाडू शासनाने १९९९ साली मान्य केलेल्या 'टॅब' या संकेतप्रणालीत इंग्रजी अक्षरे खालच्या १२८ जागांत तशीच ठेवून तमिळ आकार वरच्या १२८ जागांत बसविले होते. २०१० साली शासनाने युनिकोड स्वीकारले आणि टॅब मागे पडली. पण जुन्या खेळापुरता तो नकाशा आजही मार्गदर्शक ठरेल. शेजारच्या खोलीतील नागपूरच्या मित्राला हेच मराठीत करावयाचे झाले, तर जोडाक्षरे व रफार यांनी जागा लवकर संपते. सुधारित आवृत्तीतील मजकूर युनिकोडमध्ये आहे, तेव्हा त्याने तिकडूनच आरंभ करणे शहाणपणाचे.

अक्षरांपेक्षा व्याकरण अधिक अडविते. वायडूच्या मॉडमध्ये वाक्ये स्वतंत्र फाइलीत, क्रमांक देऊन लिहितात; भाषांतरकाराला कार्यक्रमाच्या आज्ञांस हात लावावा लागत नाही. नायक पुरुष असेल तर एक आणि स्त्री असेल तर दुसरे, अशी दोन वाक्ये एकाच क्रमांकाखाली देण्याचीही सोय आहे. तमिळमध्ये 'मी आलो' व 'मी आले' या दोहोंस एकच क्रियारूप चालते. मराठीत प्रथमपुरुषी वाक्यही दोनदा लिहावे लागेल. त्यातून नायकाचे नाव खेळणारा स्वतः ठेवतो आणि वाक्यात त्याच्या जागी केवळ एक खूण असते. त्या खुणेला थेट 'ला' जोडला, तर 'राम'चे 'रामाला' न होता 'रामला' होते, कारण सामान्यरूप करणे यंत्राला ठाऊक नाही. यावर मराठीतच एक जुनी युक्ती आहे : नाव मोकळे ठेवून पुढे 'यांना', 'यांनी', 'यांचा' लिहावयाचे. राजाच्या दरबारात हे शोभते. परंतु वाट अडविणारा दरोडेखोर 'यांना' म्हणणार नाही. तेथे 'याला' किंवा 'हिला' हवे, म्हणजे त्या ओळीसाठी पुन्हा दोन वाक्ये लिहिणे आले.