पिलांच्या बंदोबस्ताविषयी

चि. सौ. सुमती हीस अनेक उत्तम आशीर्वाद.

तुझ्या पोमेरेनियन कुत्रीला पिले झाली, परसावर घारी घिरट्या घालू लागल्या आणि म्हणून जावईबापू आंब्यावरचे घरटे पाडावयास निघाले आहेत, हे तुझ्या पत्रावरून समजले. तेव्हा प्रथम ताकीद ही की, त्या घरट्यास कोणीही हात लावू नये. 1972 च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने घारीस अभय दिले आहे. शिवाय घरट्याशी सलगी करणाऱ्या माणसाच्या डोक्यावर ती बेधडक झडप घालते. परंतु त्याहून मोठी गोष्ट अशी की, तुमचे भय पुष्कळसे अस्थानी आहे. घारीचे पसरलेले पंख दीड मीटरच्या जवळपास भरत असले, तरी तिचे वजन सहसा किलोभरही नसते, आणि स्वतःच्या वजनाइतके ओझे घेऊन उडणे शिकारी पक्ष्यांना फार जड जाते. दोन-अडीच किलोची आई तिच्या आवाक्याबाहेरची आहे. जपावयाचे ते मूठभर पिलांना.

घारी पिलांसाठीच येतात असे धरून चालू नकोस. मासळीची आतडी आणि डोकी परसात पडतात, त्यांवर त्यांचा डोळा असतो; ती रोजच्या रोज पुरण्याची तजवीज केलीस, तर निम्मा बंदोबस्त झाला. पिलांना ऊन दाखवावयाचे ते दुधीच्या मांडवाखालीच, कारण झेप घालून पुन्हा वर निसटावयास घारीला मोकळी वाट लागते. मांडवाऐवजी जाळी लावलीत, तर ती ताणून बसवा. सैल जाळीत पाखरांचे पंख अडकतात. कावळे-साळुंक्यांनी एकाएकी कलकलाट मांडला किंवा खार चिरकू लागली, की कारणाची चौकशी मागाहून करावी, आधी पिले आत घ्यावीत.

मला अधिक चिंता वाटते ती तुमच्या मागच्या चिऱ्यांच्या जुन्या खाणीची. तिन्हीसांजेस तिकडून जो जड, घुमणारा आवाज येतो म्हणून तू लिहितेस, तो शृंगी घुबडाचा असावा. अशा खडकाळ कपारी त्याला फार मानवतात. ते घारीहून पुष्कळ वजनदार असते. उंदीर-घुशी हे त्याचे नित्याचे भक्ष्य असले, तरी ते सशावरही पडते, आणि पिसांच्या मऊ कडांमुळे त्याच्या उडण्याची चाहूल जवळजवळ लागतच नाही. म्हणून दिवेलागणीनंतर आईलाही एकटी बाहेर सोडू नये. आखूड साखळीने, बॅटरी हाती घेऊन, स्वतः बरोबर जावे. रात्री सर्वांना घरातच ठेवावे. बिबट्यापासून बचावासाठीही तेच हिताचे.

आणि नख लागलेच, तर हळद दाबून स्वस्थ बसू नकोस. दाट केस बोटांनी विंचरून पाहिले म्हणजे कातडीवर टाचणीने टोचल्यासारखा एखादा ठिपका दिसतो. जखम मात्र आत खोलवर गेलेली असते व तेथेच पू धरते. त्याच दिवशी पशुवैद्यास दाखवावे, आणि त्यांच्या दवाखान्याच्या वेळा आजच विचारून ठेवाव्यात.

कळावे.

तुझा,
अण्णाकाका